मीठ कमी की पाणी जास्त?

[सदाशिव पेठ. सकाळचे साडेसात. तिसऱ्या मजल्यावरचं स्वयंपाकघर. गॅसवर दूध तापत ठेवलंय.]

"आई, आज वार कोणता?" सूनबाई तिसऱ्यांदा विचारतात. पंच्याहत्तरीच्या आजी खिडकीबाहेर बघत राहतात आणि म्हणतात, "दूधवाला आला नाही अजून." दूध समोरच तापतंय. गेले चार दिवस त्यांचं डोकं जड आहे, मळमळतंय, जेवण जात नाही. काल मोरीपाशी तोल गेला. घरच्यांनी ते वयावर ढकललं. आज फॅमिली डॉक्टरांनी रक्त तपासायला सांगितलं आणि दुपारी मोबाइलवर रिपोर्ट आला. सीरम (रक्तातल्या द्रवातलं) सोडियम: १२१.

[रिपोर्टचा कागद. आकड्यापुढे खाली वळलेला बाण.]

हा आकडा १३५ ते १४५ मध्ये असावा लागतो. १३० ते १३४ म्हणजे सौम्य घट, १२५ ते १२९ मध्यम, १२५ च्या खाली तीव्र. एकक मिलिमोल प्रति लिटर असो वा मिलिइक्विव्हॅलंट, सोडियमचा आकडा तोच राहतो.

रिपोर्ट आल्यावर पहिला सल्ला जिन्यातच मिळतो: "सोडियम कमी झालंय ना? मग मिठाचं पाणी द्या." सल्ला प्रेमाचा असतो, पण बहुतेक वेळा चुकीचा.

आमटी अळणी लागण्याची दोन कारणं असतात. मीठ घालायचं राहिलं, किंवा ऐनवेळी पाहुणे आले म्हणून दोन भांडी पाणी वाढवलं. रक्तातलं सोडियम उतरतं ते जास्त करून दुसऱ्या कारणाने. हा आकडा मिठाचं प्रमाण दाखवतो, साठा नव्हे. हृदय किंवा यकृत निकामी होत चाललेल्या, पायावर सूज आलेल्या माणसाच्या अंगात मीठ उलट जास्तच असतं, पाणी त्याहून जास्त. त्याला मिठाचं पाणी पाजलं तर सूज आणि धाप वाढते.

सोडियम उतरलं की पाणी पेशींमध्ये शिरतं आणि पेशी फुगतात. बाकी अवयवांना फुगायला जागा असते, मेंदूभोवती मात्र कवटी आहे. एक-दोन दिवसांत मेंदू स्वतःतले क्षार आणि इतर विरघळलेले पदार्थ बाहेर टाकून जुळवून घेतो. म्हणून १२१ सोडियम असलेली एक व्यक्ती फक्त सुस्त दिसते, तर काही तासांत तेवढंच उतरलेल्या दुसरीला झटके येतात. झटका, शुद्ध हरपणं, किंवा गोंधळलेपणासोबत सतत उलट्या दिसल्या तर १०८ ला फोन करा. गुंगीतल्या माणसाच्या तोंडात काहीही ओतू नका, ते श्वासनलिकेत जातं.

[टेबलावर औषधांचा डबा. गोळीच्या पाकिटाची मागची बाजू, अक्षरं जवळून.]

आता कारण. आधी औषधांचा डबा उघडायचा. आजींच्या बीपीच्या गोळीच्या नावापुढे बारीक 'एच' आहे. पाकीट उलटं केल्यावर कळतं: सोबत हायड्रोक्लोरोथायझाइड हे लघवी वाढवणारं औषध, १२.५ मिलिग्रॅम. क्लोरथॅलिडोन आणि इंडापामाइड याच कुळातली. ही औषधं मूत्रपिंडाचा पातळ लघवी करायचा भागच अडवतात, त्यामुळे प्यायलेलं जादा पाणी बाहेर पडत नाही. त्रास बहुधा पहिल्या काही आठवड्यांत दिसतो, पण वर्षानुवर्षं सोसलेली गोळीही जुलाब झाल्यावर किंवा जेवण तुटल्यावर दगा देते. बारीक अंगाच्या वयस्क बायकांना धोका जास्त. फिटसाठीची कार्बामाझेपिन, ऑक्सकार्बाझेपिन, नैराश्यासाठीची एस्सिटालोप्राम, सर्ट्रालीन यांच्याकडेही तितकंच लक्ष हवं. मात्र फिटची गोळी आपल्या मनाने बंद करायची नाही.

डब्याच्या शेजारी आजींचा दिवस मांडून बघा. बीपीमुळे अळणी जेवण. दातांमुळे पेज, चहा-बिस्किटं. आणि "भरपूर पाणी प्या" म्हणून उठल्याबरोबर तांब्याभर पाणी. पाणी बाहेर टाकायलाही मूत्रपिंडाला थोडे क्षार आणि प्रथिनांतून येणारा युरिया लागतो. पेज आणि चहावर तो मिळत नाही. तीन निरुपद्रवी सवयी आणि एक गोळी एकत्र आल्या की आकडा १२१ वर येतो.

बाकी कारणं बरीच आहेत: न्यूमोनिया, क्षयरोग, मेंदूचे आजार, फुप्फुसाचा कर्करोग, थायरॉइड किंवा अ‍ॅड्रिनल (मूत्रपिंडावरची) ग्रंथी मंदावणं. धावणारेही यातून सुटत नाहीत. २००२ च्या बॉस्टन मॅरेथॉनमध्ये तपासलेल्या ४८८ धावपटूंपैकी १३ टक्क्यांचं सोडियम १३५ किंवा त्याहून कमी निघालं. धावताना वजन वाढलेल्यांना, म्हणजे घामापेक्षा जास्त पाणी प्यायलेल्यांना, धोका अधिक होता. पुण्यात मॅरेथॉनची तयारी करणाऱ्यांनी तहान लागेल तेवढंच प्यावं.

उपचाराआधी आकडा खरा आहे का, हे बघावं लागतं. सलाईन चालू असलेल्या हातातून रक्त घेतलं तर आकडा चुकतो. रक्तातली साखर १०० च्या वर दर १०० ला सोडियम साधारण १.६ ने खाली दाखवते. साखर ५०० असेल तर १२८ चं खरं उत्तर १३४ च्या आसपास येतं. मग रक्ताची आणि लघवीची ऑस्मोलॅलिटी (विरघळलेल्या पदार्थांचं प्रमाण), लघवीतलं सोडियम, थायरॉइड, कॉर्टिसॉल (अ‍ॅड्रिनलचा हार्मोन). लघवीचे नमुने सलाईन लावण्याआधी घेतले तर निदान सोपं जातं. घाईत नेमकं हेच राहून जातं.

[वॉर्ड. स्टँडला लटकलेली सलाईनची बाटली, ड्रिप चेंबरमध्ये पडणारा थेंब.]

जुलाब-उलट्यांनी अंगातलं पाणी आणि मीठ दोन्ही गेलं असेल तर नॉर्मल सलाईन योग्य. त्यात लिटरमागे १५४ मिलिमोल सोडियम असतं, म्हणजे आजींच्या रक्तापेक्षा जास्त. तरी पाणी धरून ठेवणारा व्हॅसोप्रेसिन हा हार्मोन नको तेव्हा स्रवत असेल, तर हीच बाटली सोडियम आणखी उतरवते. हिशोब असा: एक लिटरच्या बाटलीत सोडियम आणि क्लोराइड मिळून ३०८ एकक क्षार. लघवी लिटरमागे ६१६ एकक इतकी दाट होत असेल तर ते सगळे क्षार अर्ध्या लिटरमध्येच निघून जातात. उरलेलं अर्धा लिटर नुसतं पाणी अंगात राहतं. अशा रुग्णाला पाण्यावर बंधन, कधी मिठाच्या गोळ्या किंवा युरिया, तर कधी दवाखान्यात देखरेखीखाली टोलव्हॅप्टान, म्हणजे व्हॅसोप्रेसिनला अडवणारी गोळी, लागते.

झटके किंवा बेशुद्धी असेल तर वाट बघायची नाही. ३ टक्के, म्हणजे नॉर्मलपेक्षा बरंच खारट सलाईन १०० मिलिलिटर दहा मिनिटांत, गरज पडल्यास एकूण तीनदा. सोडियम ४ ते ६ ने वर आलं तरी मेंदूवरचा दाब उतरतो. लगेच १४० गाठायची गरज नसते.

तसं करणं धोक्याचंही आहे. जुळवून घेतलेल्या मेंदूला क्षार परत आत घ्यायला दिवस लागतात. सोडियम झपाट्याने वाढलं तर पेशी आकसतात आणि मेंदूतल्या मज्जातंतूंचं आवरण सुटतं. रुग्ण आधी सुधारतो, मग दोन ते सहा दिवसांनी बोलणं अडखळतं, घास उतरत नाही, हातपाय गळतात. म्हणून २४ तासांत सोडियम ८ पेक्षा जास्त वाढू द्यायचं नाही. दारू, कुपोषण किंवा कमी पोटॅशियम असेल तर आणखी जपून. पोटॅशियम भरून काढलं की सोडियमही चढतं, तेही हिशोबात धरावं लागतं.

म्हणून सिस्टर दर चार-सहा तासांनी रक्त घेतात, आणि लघवीच्या पिशवीकडे बघतात. गोळी बंद झाली, उलट्या थांबल्या की मूत्रपिंड एकदम मोकळं होतं. तासाला १०० मिलिलिटरपेक्षा जास्त, पाण्यासारखी लघवी येऊ लागली की डॉक्टरांना बोलवायचं. आकडा पळतोय असं दिसलं तर डेक्स्ट्रोज (साखरेचं पाणी) आणि डेस्मोप्रेसिन (व्हॅसोप्रेसिनसारखं औषध) देऊन त्याला मागे खेचतात.

[पुन्हा सदाशिव पेठ. ओट्यावर खुणा केलेली एक लिटरची बाटली.]

आजी सहाव्या दिवशी घरी आल्या. सोडियम १३३. 'एच'ची गोळी गेली, दुसरी आली. जुनं पाकीट डब्यातून काढून टाकलंय. काही दिवस पाणी दिवसाला एक लिटर. सूनबाई सकाळी बाटली भरतात. चहा १०० मिलिलिटरचा झाला की बाटलीतलं तेवढंच पाणी कुंडीत ओततात. ताक, आमटी, सरबत, सगळं याच हिशोबात. जेवणात अंडं आणि वरण आलं. आठवड्याने पुन्हा रक्त.

"आई, आज वार कोणता?"

"गुरुवार. आणि आज चहा पूर्ण कप दे, अर्धा नको."

सूनबाई बाटलीकडे बघतात, मग कुंडीकडे.