स्पिंडलचे झिजलेले बेअरिंग काढताना

मित्रहो, नागपुरात पावसाळ्याचे चार महिने गवत जोमाने वाढते आणि लॉन मोवर दुरुस्तीला येण्याची गर्दीही त्याच काळात होते. सिव्हिल लाइन्समधल्या बंगल्याची हिरवळ असो की महाराजबागेसारखी मोठी बाग, ओले गवत आणि काळ्या मातीचा चिखल डेकच्या, म्हणजे पाते झाकणाऱ्या कवचाच्या, पोटाला चिकटून बसतो, आणि पात्याचा स्पिंडल, म्हणजे पाते फिरवणारा आस, त्याच चिखलालगत फिरत असतो. त्या स्पिंडलची झिजलेली बेअरिंग कशी काढावीत, एवढ्यापुरतेच मी आज बोलणार आहे. काढताना फुटलेले हाउसिंग, म्हणजे बेअरिंग ज्यात बसतात ते घर, हे नव्या बेअरिंगच्या जोडीपेक्षा कितीतरी महाग पडते, म्हणून हा विषय मला महत्त्वाचा वाटतो.

ढकलून चालवायच्या लहान यंत्रांत पाते बहुधा थेट इंजिनाच्या शाफ्टवर असते. आपला विषय आहे तो पट्ट्यावर चालणाऱ्या मोठ्या डेकचा. त्यात अॅल्युमिनियमच्या ओतीव हाउसिंगमध्ये वर एक आणि खाली एक अशी दोन बॉल बेअरिंग, त्यांच्यामध्ये नळीसारखा स्पेसर, आरपार गेलेला शाफ्ट, वर पुली आणि खाली पाते अशी मांडणी असते. बेअरिंग पुष्कळदा ६२०३, ६२०४ किंवा ६२०५ या क्रमांकांची निघतात. ६२०४ म्हणजे आतला व्यास २० मिलिमीटर, बाहेरचा ४७ आणि जाडी १४. क्रमांक सीलवर (बेअरिंगच्या तोंडावरील झाकणावर) किंवा कड्याच्या बाजूवर कोरलेला असतो. तो पुसून, वाचून, लिहून ठेवल्याशिवाय बाजारात जाऊ नये.

काम सुरू करण्याआधी स्पार्क प्लगची वायर काढून बाजूला ठेवावी. हे मी आग्रहाने सांगतो, कारण किल्ली बंद आहे एवढ्या भरवशावर पात्याखाली हात घालणे योग्य नाही. मग पट्टा उतरवून पुली हाताने सावकाश फिरवावी आणि पाते अगदी मधोमध, बोल्टाजवळ धरून वर-खाली हलवावे. टोकाला धरल्यास पात्याची स्वतःची लवचीकता हाताला लागते आणि बेअरिंगची ढिलाई किती आहे ते कळत नाही. खरखर लागली किंवा शाफ्ट डुलला, तर बेअरिंग गेले असे समजावे.

पात्याचा बोल्ट आणि पुलीचा नट सोडताना पात्याखाली लाकडाचा ठोकळा अडकवावा. काही यंत्रांत उलटे आटे असतात, तेव्हा पान्ह्यावर पाइप चढवून जोर लावण्याआधी ते पाहून घ्यावे. शाफ्ट ठोकून काढायचा असल्यास नट आट्यांच्या टोकाशी समपातळीत ठेवून त्यावर लाकूड धरावे; उघड्या आट्यांवर हातोडा मारल्यास टोक पसरते आणि नट पुन्हा चढत नाही.

आता मुख्य भाग. हाउसिंगच्या आत बहुधा एक खांदा, म्हणजे बेअरिंगला अडवणारी पायरी, असतो, त्यामुळे खालचे बेअरिंग खालूनच आणि वरचे वरूनच बाहेर येते. सरक्लिप (बेअरिंग जागेवर धरून ठेवणारी स्प्रिंगची कडी) असल्यास ती आधी काढावी. आत बोट घालून खांदा कुठे आहे ते चाचपून पाहावे, कारण उलट्या दिशेने ठोकल्यास मार त्या खांद्यावर बसतो आणि ओतीव अॅल्युमिनियम न वाकता तडकते. स्पेसर थोडा बाजूला सरकवला की पलीकडच्या बेअरिंगच्या आतल्या कड्याची कड दिसते. तिच्यावर पंच टेकवून एक ठोका इकडे, एक समोरच्या बाजूला, असे ठोकत जावे. एकाच बाजूला ठोकल्यास बेअरिंग तिरके होऊन अडकते आणि मऊ अॅल्युमिनियम खरवडून काढते. आतल्या कड्यावर मारलेला ठोका गोळ्यांमधून जातो आणि बेअरिंग निकामी करतो, पण हे बेअरिंग टाकायचेच असल्याने त्याची चिंता नसावी. नवे बसवताना मात्र हाउसिंगमध्ये जोर बाहेरच्या कड्यावरच द्यावा.

गंजामुळे बेअरिंग हलत नसेल, तर हातोडा मोठा घेण्यापेक्षा हाउसिंगला हॉट एअर गनने ऊब द्यावी. अॅल्युमिनियम पोलादाच्या जवळजवळ दुप्पट प्रसरण पावते, त्यामुळे साधारण १०० अंशांपर्यंत तापवल्यावर पकड सैल होते. त्याआधी ग्रीस आणि सुकलेले गवत पुसून काढावे आणि पेट्रोल जवळपास नसावे. गॅसची ज्योत मात्र वापरू नये. अॅल्युमिनियम तापताना रंग बदलत नाही. कधी ते वितळू लागले हे डोळ्यांना कळतच नाही. आतले कडे शाफ्टवरच राहिले तर पुलर, म्हणजे ते खेचून काढायचे साधन, लावावा. तो बसत नसेल, तर ग्राइंडरने कड्यावर अर्धवट चीर देऊन छन्नीने ते फोडता येते, परंतु चीर शाफ्टपर्यंत जाऊ देऊ नये.

स्पेसर कचऱ्याबरोबर फेकला जाणार नाही याची काळजी घ्यावी. तो नसल्यास नट आवळताच दोन्ही आतली कडी एकमेकांकडे ओढली जातात, गोळ्यांवर शाफ्टच्या लांबीच्या दिशेने ताण येतो आणि नवे बेअरिंग लवकरच ओरडू लागते.

काढलेले बेअरिंग फोडून पाहावे. आत तांबूस पाणी आणि गंज असेल, तर डेक धुताना पाण्याचा जोरदार झोत थेट सीलवर मारला जात असणार. सीलच्या कडेला दोरा किंवा नायलॉनची तार गुंडाळलेली सापडली, तर कारण तिथेच आहे. दोन्ही ठीक असतील, तर पाते सपाट फरशीवर ठेवून वाकले आहे का ते तपासावे आणि पट्ट्याचा ताण पाहावा. वाकलेले पाते तसेच परत चढवले, तर त्याचे हादरे नव्या बेअरिंगलाही सोसावे लागतील.