योयॉतबाईंचं टेबल

(दृश्य: संकलनाचं जुनं टेबल. फिरत्या थाळ्या. दिव्यावरून सरकणारी ३५ मिलिमीटरची फीत.)

मारी-जोझेफ योयॉत, फ्रान्समधल्या चित्रपट-संकलक. हे टेबल त्यांचं नव्हे, त्याच जातीचं आहे. डावीकडची थाळी सुटते, उजवीकडची गुंडाळते. एका सेकंदाला २४ चौकटी. जिथे काप घ्यायचा तिथे मेणाच्या पेन्सिलीची खूण, मग कात्री. पूर्वी जोड 'सिमेंट' म्हणवणाऱ्या गोंदाने लावत: टोक खरवडायचं, दुसरं त्यावर दाबून धरायचं. तो उकलायचा तर चौकट वाया. म्हणून आधी नीट बघायचं, पुन्हा बघायचं. चिकटपट्टी आली तेव्हा कुठे हात थोडे सैल झाले.

फ्रान्समध्ये या टेबलावर बायका पुष्कळ होत्या. नाजूक काम, शिवणासारखं, म्हणून बायकांचं, अशी समजूत. शिवणासारखं?

(दृश्य: आबिजानची बंदरवस्ती, कृष्णधवल छायाचित्रं.)

योयॉतबाईंचा जन्म १९२९ सालचा, फ्रान्समधल्या लियों शहरातला. तिशीही उलटली नव्हती तेव्हा फ्रेंच दिग्दर्शक ज्यां रूश यांचा 'म्वा, अं न्वार' ('मी, एक काळा माणूस') बाईंच्या टेबलावर आला. पश्चिम आफ्रिकेतल्या आबिजान शहरातल्या त्रेशव्हिल वस्तीत, मजुरीसाठी आलेल्या तरुणांबरोबर केलेलं चित्रण. कॅमेरा किल्ली देऊन चालणारा. किल्ली पुरायची जेमतेम २५ सेकंद, की दृश्य तुटलंच. आवाज तर नाहीच. नंतर चित्रपटातल्या मुख्य तरुणाने, उमारू गांदाने, पडद्यावर स्वतःलाच बघत जे सुचेल ते बोलून घेतलं. म्हणजे टेबलावर काय, तर तुटक चित्रं आणि न थांबणारा माणूस. दोघांना एका दमात चालवायचं. घाला टाके!

(दृश्य: समुद्रकिनारा. ओल्या वाळूत पावलांचे ठसे.)

१९५९. दिग्दर्शक त्रुफोंचा 'ले कात्र सां कू', अर्थात 'फोर हंड्रेड ब्लोज'. सुधारगृहात आंत्वान या मुलाला प्रश्न विचारणाऱ्या बाई एकदाही दिसत नाहीत, नुसता आवाज. पलटून दाखवायला समोरचा चेहराच नाही. मग मुलाचं एक उत्तर दुसऱ्यात विरघळतं, तो तिथेच बसलेला, हात टेबलाशी चाळा करतायत. आणि शेवट: मुलगा पळतो, पळतो, समुद्राला भिडतो, वळतो. थांबतो. खरं तर फीत थांबत नाही. प्रयोगशाळेत एकच चौकट पुनःपुन्हा छापली की चित्र गोठल्यासारखं दिसतं. श्रेय त्रुफोंना मिळालं, मिळायलाच हवं. पण त्या प्रसंगात चौकटी शेकड्यांनी असतात, आणि त्या एकेक करून भिंगातून कुणीतरी पाहिलेल्या असतात.

पुढे दिग्दर्शक कॉक्तो यांचंही काम, मग बेनेक्स यांचा 'दिव्हा', युझां पाल्सी यांचा कॅरिबियनमधल्या मार्टिनिक बेटावरचा चित्रपट. तीन सेझार, म्हणजे फ्रान्सचे चित्रपट पुरस्कार. २०१७मध्ये निधन.

(दृश्य: गवत. दवाचे थेंब. मुंगीच्या उंचीवरून.)

आता गंमत बघा. साठीच्या पुढे बाईंच्या टेबलावर किडे आले. 'मिक्रोकॉस्मॉस', किड्यांवरचा माहितीपट, १९९६. चित्रणाला तीन वर्षं लागली. निवेदन जवळजवळ नाहीच (आमचं ऐकताय, माफ करा). फ्लोरांस रिकार यांच्यासोबत हे संकलन. किड्याला पुन्हा एकदा कर म्हणता येत नाही. जे मिळालं त्यातूनच गोष्ट काढायची.

शेणकिडा आपला गोळा ढकलत निघतो. गोळा काट्यात रुततो. तो मागून रेटतो, वर चढतो, खाली घुसतो, पुन्हा मागून. किती वेळ अडकवून ठेवायचं त्याला? प्रेक्षक चुळबुळायच्या आत आणि हसायच्या जरा नंतर.

गोळा सुटतो.

(दृश्य: थाळी रिकामी फिरतेय. फितीचं टोक फटफटतंय.)