डॅनियल डिफो: मुखवटा लावून टोमणे मारणारा माणूस

रॉबिन्सन क्रुसो आपल्यातल्या बहुतेकांना शाळेपासून माहितीये. पण ते पुस्तक आलं 1719 ला, डिफो तेव्हा साठीला टेकला होता, आणि त्याच्या कितीतरी आधी या माणसाने लंडनमध्ये असा राडा घातला होता की सरकारने त्याला पकडून देणाऱ्याला 50 पौंडांचं इनाम लावलं होतं.

बाप लंडनमध्ये चरबीच्या मेणबत्त्या बनवायचा. पोरगा मोज्यांच्या धंद्यात पडला, बरेच उद्योग केले आणि 1692 ला 17 हजार पौंडांचं कर्ज डोक्यावर घेऊन दिवाळखोर झाला. आडनाव मूळचं नुसतं फो, पुढचा ‘डि’ त्याने स्वतःच चिकटवला, खानदानी वाटावं म्हणून असेल, आणि गंमत म्हणजे हाच माणूस पुढे लोकांच्या खानदानीपणाची साल काढणार होता.

तेव्हा इंग्लंडच्या गादीवर विल्यम तिसरा, जन्माने डच. 1688 ला इंग्रज पुढाऱ्यांनीच त्याला बोलावून आणलेलं, आणि आता तिथलेच लोक बोंबलत होते की राजा परका, त्याचे मित्र परके, आमचा देश बुडाला. यावर डिफोने 1701 च्या सुरुवातीला एक लांबलचक कविता काढली, ‘द ट्रू-बॉर्न इंग्लिशमन’. म्हणणं साधं, बाबांनो, रोमन आले, सॅक्सन आले, डेन आले, नॉर्मन आले, प्रत्येकाने इथे पोरंबाळं सोडली आणि तुम्ही त्या सगळ्या खिचडीची औलाद, मग अस्सल इंग्रज आणायचा कुठून? वर सैतानाने कुठल्या देशाला कुठला दुर्गुण वाटून दिला तेही सांगितलं: स्पेनला गर्व, जर्मनीला दारू आणि इंग्लंडच्या वाट्याला कृतघ्नपणा. आणि हे इंग्रजांनीच विकत घेऊन वाचलं! रस्त्यावरच्या स्वस्त कॉप्याच 80 हजार खपल्या असा डिफोचा स्वतःचा दावा, व्यापारी माणूस, थोडं फुगवून सांगितलं असेल.

1702 ला विल्यम गेला, राणी ॲन आली, आणि कट्टर चर्चवाल्यांना जोर चढला. डिफो डिसेंटर, म्हणजे चर्च ऑफ इंग्लंडच्या बाहेरचा प्रोटेस्टंट, त्यामुळे हे थेट त्याच्या लोकांवर आलेलं. मग त्याने काय करावं, तर नाव न टाकता एक पत्रक छापलं, अगदी त्या कट्टरांच्याच भाषेत: दंडबिंड बंद करा, जो डिसेंटरांच्या प्रार्थनेला सापडेल त्याला देशाबाहेर हाकला आणि उपदेशकाला फाशी द्या, साप मारताना दया दाखवतं का कोणी! नक्कल इतकी हुबेहूब की काही कट्टरांनी खरंच वाहवा केली. माझ्या मते त्याची चूक एवढीच, त्याने वाचकाला डोळा मारला नाही. लेखक कोण ते कळल्यावर वाहवा करणारे तोंडघशी पडले, आणि तोंडघशी पडलेला माणूस जास्त चवताळतो. ज्यांच्यासाठी लिहिलं ते डिसेंटरही भडकले.

लंडन गॅझेट या सरकारी पेपरात त्याला पकडून द्यायची जाहिरात आली: मध्यम उंची, सडपातळ, बाकदार नाक, तोंडाजवळ मोठा तीळ. मे 1703 मध्ये सापडला. शिक्षा दंड, कैद आणि तीन दिवस पिलरी. पिलरी म्हणजे खांबावर लाकडी फळी, तिच्या भोकांत मान आणि मनगटं अडकवायची आणि समोर मोकाट गर्दी, दगड मारा नाहीतर सडकी अंडी. डिफोने आत बसून पिलरीवरच कविता लिहिली आणि तो खांबावर असताना ती गर्दीत विकली गेली. लोकांनी त्याच्यावर फुलं फेकली म्हणतात.

तुरुंगातून सोडवलं रॉबर्ट हार्ली या राजकारण्याने, फुकट थोडंच. 1706 ला डिफो त्याचा हेर म्हणून एडिनबरोत होता, स्कॉटलंडला इंग्लंडशी जोडायच्या कामावर, आणि तिथून पत्रात कळवतो की ग्लासगोवाल्यांपुढे मी मासळीचा व्यापारी, ॲबर्डीनवाल्यांपुढे लोकरीचा, पर्थवाल्यांपुढे लिननचा. बुडालेला धंदा असा कामाला आला.