पाइप धरून चला, व्हॉल्व्ह सापडेल

मंडळी, गाडीचा धूर म्हटलं की आपण सायलेन्सरकडे बघतो. मला बोलायचंय ते सायलेन्सरच्या वाटेला न जाणाऱ्या धुराबद्दल आणि त्याला अडवणाऱ्या बोटभर पीसीव्ही (पॉझिटिव्ह क्रँककेस व्हेंटिलेशन) व्हॉल्व्हबद्दल. गॅरेजात त्याची ओळख बहुतेकदा 'ब्रीदरचा व्हॉल्व्ह' एवढीच असते.

इंजिन कितीही चांगलं असो, पिस्टन रिंगांच्या फटीतून थोडा गॅस खाली क्रँककेसमध्ये, म्हणजे इंजिनाच्या तळच्या ऑइलच्या पेटीत, उतरतोच. त्यात न जळलेलं पेट्रोल असतं, पाण्याची वाफ असते. तो तिथेच कोंडला की ऑइलचा चिखल होतो आणि आतला दाब वाढतो. पूर्वी एक नळी काढून गाडीखाली मोकळी सोडत, की झालं काम. दुसऱ्या महायुद्धात रणगाडे खोल पाण्यातून न्यायची वेळ आली, तेव्हा त्या नळीतून पाणी आत शिरेल म्हणून तो गॅस इंजिनलाच परत पाजायची युक्ती निघाली. पुढे लॉस एंजेलिसच्या धुरक्याचं कोडं हागेन-स्मिट या रसायनशास्त्रज्ञाने उलगडलं, त्यात गाड्यांच्या न जळलेल्या पेट्रोलचा हात निघाला आणि १९६१ च्या मॉडेलपासून कॅलिफोर्नियातल्या नव्या मोटारींना हा व्हॉल्व्ह बसू लागला.

आत असते एक खुंटी आणि एक स्प्रिंग. गाडी आयडलिंगला असताना मॅनिफोल्डचा (इंजिनात हवा नेणाऱ्या नळकांड्याचा) ओढा जोरात असतो, तो खुंटीला ओढून वाट अरुंद करतो. ॲक्सिलरेटर दाबला की ओढा घटतो, स्प्रिंग खुंटीला मागे रेटते, वाट मोकळी होते. बॅकफायर, म्हणजे मॅनिफोल्डमध्ये उलटा भडका, झालाच, तर वाट पूर्ण बंद.

माझ्या जुन्या एस्टीमला पुढच्या ऑइल सीलमधून गळती लागली होती. एका गॅरेजने सील बदललं. दीड महिन्यात पुन्हा गळती, पुन्हा सील. आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी! शेवटी मी स्वतः बोनेट उघडलं. व्हॉल्व्ह काळ्या चिकट्याने गच्च झाला होता. आतला दाब वाट शोधत होता, ती त्याला सीलमधून मिळाली.

आता हा शोधायचा कुठे? कुठे टॅपेट कव्हरच्या (इंजिनाच्या माथ्यावरच्या झाकणाच्या) रबरात खोचलेला, कुठे इनटेक मॅनिफोल्डला आट्यांनी बसवलेला, कुठे पाइपच्या मधोमध. म्हणून व्हॉल्व्ह शोधूच नका, पाइप शोधा. टॅपेट कव्हरवरून सहसा दोन पाइप निघतात. एक एअर फिल्टरकडे जातो, तो ताज्या हवेचा. दुसरा मॅनिफोल्डकडे जातो. त्याच्यावरून बोट फिरवत चला, याच्या एका टोकाला किंवा मध्ये व्हॉल्व्ह भेटतो.

इंजिन गार असू द्या. व्हॉल्व्ह रबरात असेल तर हिसका मारू नका. वीस वर्षांचं रबर बिस्किटासारखं झालेलं असतं, तुकडे थेट हेडमध्ये पडतात. आधी भोवती फडकं लावा. बाहेर काढून कानाशी हलवा. खुळखुळला तर खुंटी मोकळी आहे. मात्र खुळखुळणं म्हणजे स्प्रिंग धड असल्याचा दाखला नव्हे. तोंडाने हवा ओढून बघू नका, आत विषारी घाण असते. कार्ब क्लीनरने धुता येतो, पण मी म्हणेन नवाच घाला, आणि तोही त्याच इंजिनाचा. बाहेरून सारखे दिसणाऱ्या दोन व्हॉल्व्हची स्प्रिंग वेगळी असू शकते. सोबत रबर आणि पाइपही बघा. पाइपला चीर असेल तर आयडलिंग खालीवर होत राहतं आणि मेकॅनिक कार्ब्युरेटर खोलून बसतो.

बसवल्यावर गाडी चालू करा, ताज्या हवेचा पाइप एअर फिल्टरकडून काढून त्याचं तोंड बंद करा आणि ऑइल भरायच्या तोंडावर जाडसर कागद ठेवा. मिनिटभरात तो खाली चिकटला पाहिजे. उलट फडफडत वर उडाला, तर दुखणं रिंगांचं असू शकतं. कॉम्प्रेशन, म्हणजे सिलिंडरमधला दाब, तपासून घ्या.

आणि एक प्रकार मी डोळ्यांनी पाहिलाय. एअर फिल्टरमध्ये ऑइल येतं म्हणून काही कारागीर पाइप उपटून खाली मोकळा सोडतात, म्हणजे १९६१ च्या आधीचीच नळी. पीयूसीची काडी घालतात सायलेन्सरमध्ये. ही गाडी तिथे बिनबोभाट पास होते.