नाव, गाव, तारीख

नमस्कार श्रोतेहो.

निकाल लागला की खानापूरपासून निपाणीपर्यंत कुठल्याही गावच्या कट्ट्यावर हेच ऐकू येतं: "पैसे वाटले म्हणून निवडून आला." बोलणाऱ्याचा राग खरा असतो, पुष्कळदा माहितीही खरी असते. तरीही ती कोर्टात टिकत नाही. ती टिकावी म्हणून काय लागतं, ते आज सांगायचं आहे.

विधानसभेच्या किंवा लोकसभेच्या निकालाला आव्हान द्यायचं तर १९५१ च्या लोकप्रतिनिधित्व कायद्याखाली उच्च न्यायालयात निवडणूक याचिका करावी लागते. ग्रामपंचायत, नगरपालिकेचे कायदे वेगळे आहेत. ही याचिका फक्त पडलेल्या उमेदवारानंच करायची असं नाही. त्या मतदारसंघातला कुठलाही मतदार करू शकतो. अनामत दोन हजार रुपये. मुदत निकालापासून ४५ दिवस, त्यात एका दिवसाचीही सवलत नाही. आणि याचिकाकर्त्यानं स्वतः हजर राहून ती दाखल करायची. वकील सोबत असावा, पण नुसतं वकिलाच्या हाती पाठवून भागत नाही. सर्वोच्च न्यायालयानं २००९ साली हे सांगितलं ते आपल्याच कर्नाटकातल्या एका प्रकरणात.

आता आरोपाचं बघू. मतदारांना पैसे किंवा वस्तू वाटणं याला हा कायदा 'भ्रष्ट आचरण' म्हणतो. ते सिद्ध झालं तर निवड रद्द होते, वर सहा वर्षांपर्यंत निवडणूक लढवण्यास बंदी येऊ शकते. शिक्षा एवढी जबर असल्यामुळे न्यायालय पुरावाही फौजदारी खटल्यासारखाच मागतं. वाजवी संशय उरला की फायदा निवडून आलेल्याचा. म्हणून "गावोगाव साड्या वाटल्या, कुकर वाटले" हे वाक्य याचिकेत कुचकामी आहे. कुणी वाटले, कुणाला, कुठल्या गावात, कुठल्या तारखेला, हा तपशील शपथपत्रासह द्यावा लागतो. शिवाय उमेदवारानं किंवा त्याच्या निवडणूक प्रतिनिधीनं स्वतः वाटले, की त्यांच्या संमतीनं दुसऱ्या कुणी, हेही दाखवावं लागतं. "पोरांनी परस्पर केलं, मला पत्ताच नव्हता" हा बचाव ठरलेला असतो. संमती सिद्ध झाली नाही, तर त्या वाटपामुळे निकालच फिरला हे दाखवण्याची पाळी येते, आणि ते फारच अवघड.

तरी खटले जिंकले जातात. तुमकूर ग्रामीणची २०१८ ची निवड कर्नाटक उच्च न्यायालयानं मार्च २०२३ मध्ये रद्द ठरवली. मतदारांना बनावट विमा बाँड वाटल्याचा तो आरोप होता. रोख नोट हातातून गेली की खूण उरत नाही. कागद मात्र राहतो. तेव्हा कुणी कूपन दिलं, टोकन दिलं, तर ते फाडून टाकू नका. त्या निकालाची दुसरी बाजूही सांगायला हवी. सहा महिन्यांत निकाल देण्याचा प्रयत्न करावा असं कायदा सांगतो, आणि इथं आमदारकीची पाच वर्षं सरत आली होती. हा उशीर मला सहन होत नाही. मतदाराचं त्यात जे नुकसान होतं ते कोणी भरून देत नाही.

मोबाईलवरच्या व्हिडिओवर लोकांचा फार भरवसा. केरळातल्या एका उमेदवारानं २०११ च्या निवडणुकीविरुद्ध प्रचाराच्या गाण्यांच्या, भाषणांच्या सीडी कोर्टात दिल्या. ही नक्कल कुठल्या यंत्रातून, कशी काढली हे सांगणारं, कायद्यानं मागितलेलं प्रमाणपत्र त्यांच्यासोबत नव्हतं. सर्वोच्च न्यायालयानं २०१४ मध्ये त्या सीडी पुरावा म्हणून स्वीकारल्याच नाहीत. पुराव्याच्या आजच्या कायद्यातही, म्हणजे भारतीय साक्ष्य अधिनियमातही, ही प्रमाणपत्राची अट आहे. म्हणून ज्या फोननं चित्रण केलं तो फोनच जपून ठेवा, आणि चित्रण करणाऱ्याला साक्षीला यायला सांगा. व्हॉट्सअ‍ॅपवर फिरत आलेली क्लिप कुणी काढली हेच ठाऊक नसेल तर तिच्यामागे उभं कोण राहणार?

साक्षीदाराची भीती मी समजू शकतो. पैसे घेणाराही दोषी ठरतो, मग "मला पैसे दिले" असं कोर्टात कोण म्हणेल? पण याच कायद्यात तरतूद आहे. विचारलेल्या सगळ्या प्रश्नांची खरी उत्तरं देणाऱ्या साक्षीदाराला उच्च न्यायालयाकडून संरक्षणाचं प्रमाणपत्र मिळू शकतं. आणि मत कुणाला दिलं, हे त्याला सांगावं लागत नाही. ही गोष्ट शेजारीपाजारी जरूर सांगा.

आपल्या सीमाभागात आणखी एक प्रश्न हमखास निघतो: भाषेचा. भाषेच्या नावावर मत मागणं हेही भ्रष्ट आचरण आहे. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांच्या पीठानं, चार विरुद्ध तीन मतांनी, हे आवाहन उमेदवाराच्या भाषेवरून केलेलं असो की मतदाराच्या, दोन्ही निषिद्ध ठरवलं. मग मराठीबद्दल बोलायचंच नाही का? बोलायचं. हरियाणातल्या झज्जरच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं १९६४ मध्ये सांगितलं आहे की भाषा जतन करण्याच्या हक्कात त्या भाषेसाठी चळवळ करण्याचा हक्कही येतो, आणि भाषेसाठी काम करण्याचं आश्वासन देणं भ्रष्ट आचरण नव्हे. माझ्या मते मराठी शाळा, मराठीतून कागदपत्रं, सीमाप्रश्न हे विषय याच बाजूला बसतात. "तो कन्नड आहे, त्याला मत देऊ नका" हे वाक्य पलीकडच्या बाजूला जातं. कन्नड उमेदवारानं मराठी माणसाबद्दल तसं म्हटलं तरी नियम तोच. अशा खटल्यात भाषणाचा आशय पुरत नाही, नेमके शब्द लागतात. सभेतून घरी आल्यावर त्याच रात्री ते वहीत लिहून तारीख घालावी.

याचिकाकर्त्यावर पुढे दबाव येतो, आमिषंही येतात. पण एकदा दाखल झालेली याचिका न्यायालयाच्या परवानगीशिवाय मागे घेता येत नाही, आणि माघारीमागे सौदा असेल तर ती परवानगी मिळत नाही. माघारीची सूचना राजपत्रात आली की चौदा दिवसांच्या आत त्या मतदारसंघातला दुसरा मतदार त्याच्या जागी उभं राहण्यासाठी अर्ज करू शकतो.

नमस्कार.