कुशीतून स्वतःच्या अंथरुणावर

मुंबईच्या चाळीतल्या दहा बाय बाराच्या खोलीत रात्रीची भांडी आवरली, की जमिनीवर अंथरुणे पडतात आणि भिंतीपासून दारापर्यंत सगळे घर एका ओळीत निजते. मुलाला वेगळे झोपवण्याचा विचारही तिथे कोणाला शिवत नसे. फार तर धाकटे भावंड जन्मले, की थोरले आईच्या कुशीतून आजीच्या गोधडीत जाई. म्हणूनच आज मुलांच्या सजवलेल्या खोलीला टाळून पाच वर्षांचे मूल आईबाबांच्या मध्ये झोपत असेल, तर त्यात आपले काही चुकले असे पालकांनी मुळीच मानू नये.

तान्ह्या बाळाची बाब मात्र वेगळी आहे. त्याने निदान पहिले सहा महिने आईवडिलांच्याच खोलीत, परंतु वेगळ्या, सपाट आणि टणक गादीवर, उताणे झोपावे, असे अमेरिकन अकॅडमी ऑफ पीडियाट्रिक्स या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने २०२२ मध्ये पुन्हा बजावले आहे. बाळाला घेऊन सोफ्यावर डुलकी काढणे तर फारच धोक्याचे असते.

मोठ्या मुलाची अडचण बहुधा मध्यरात्री उभी राहते. झोपेत सर्वांनाच अधूनमधून अर्धवट जाग येते आणि आपण कूस बदलून पुन्हा झोपी जातो. पण आईच्या थोपटण्यानेच डोळा लागलेले मूल जाग येताच तोच हात चाचपडत शोधते. त्यामुळे मुलाला वेगळे झोपवायचे असेल, तर बदलाची सुरुवात खोलीपासून न करता डोळा लागण्याच्या त्या क्षणापासून करावी. समजा, एका घरातली आई मुलीच्या पलंगाला टेकून चटईवर बसली आहे. तिचा हात पांघरुणावर आहे, पण थोपटणे तिने थांबवले आहे. काही रात्रींनी ती चटई दाराकडे सरकवील, आणि मुलगी उठून आलीच, तर न रागावता, फारसे न बोलता तिला हात धरून परत नेईल. आजीनेही तसेच करायचे, हे घरात आधीच ठरले आहे.

लोकलची गर्दी सोसून नऊ वाजता घरी पोचणाऱ्या पालकांना मुलाचा सहवास मिळतो तो अंथरुणातच, आणि मुलालाही त्यांचा. तो वेळ गोष्टीच्या, गप्पांच्या रूपाने आधी राखून ठेवावा आणि मगच अंथरूण वेगळे करावे. नवी शाळा किंवा नवे भावंड येण्याच्या सुमारास हा बदल सुरू करू नये. मूल तापाने फणफणले असेल, तर त्याच्याजवळ खुशाल झोपावे; बरे वाटल्यावर चटई पुन्हा पलंगाशेजारी टाकता येते.