वीस किलोंची रेघ

(दृश्य: सकाळचं धुकं. सातपुड्याचा पायथा. तुरीचं शेत.)

शिरपूर सोडून पळासनेरकडे निघालं की सातपुडा समोर उभा राहतो. रस्त्याच्या दोन्ही अंगांना कपाशी, मका, तूर. पावसाळा सरला की तूर माणसाच्या डोक्यावर जाते आणि तिच्या ओळींत लपवलेलं झाड बांधावरून दिसत नाही. दातेरी पान, शेंड्याला चिकट तुरा. वारा फिरला की वास मात्र लपत नाही. गांजाची अशी शेती शिरपूर तालुक्यात पोलिसांनी कितीतरी वेळा उपटली आहे.

इथली बहुतेक घरं कपाशी-मक्यावरच जगतात, हे आधी सांगायला हवं. चार शेतांपायी अख्ख्या आदिवासी पट्ट्याकडे संशयानं बघणं हा अन्याय आहे.

पण जागा अडचणीची आहे. डोंगरापलीकडे मध्य प्रदेश, खाली मुंबई-आग्रा महामार्ग आणि धुळ्यात त्याला छेदणारा सुरत-नागपूर रस्ता. माल एकदा डांबरीवर लागला की चारही दिशा मोकळ्या.

(दृश्य: उपटलेल्या झाडांचा ढीग. वजनकाटा. लाखेचं सील.)

छापा पडतो. झाडं मुळासकट उपटली जातात, मोळ्या बांधल्या जातात, काट्यावर चढतात. दोन पंच बाजूला उभे. मुळांना माती आहे, पानं दवानं ओली आहेत. आकडा पंचनाम्यात उतरतो.

त्या आकड्यावर माणसाची वर्षं ठरतात. अमली पदार्थांचा कायदा 1985 सालचा, त्याला सगळे एनडीपीएस म्हणतात. गांजा बाळगला आणि तो 1 किलोपर्यंत असला, तर जास्तीत जास्त 1 वर्ष. त्यापुढे 10 वर्षांपर्यंत. 20 किलो ओलांडले की ती ‘व्यावसायिक मात्रा’ होते: किमान 10, कमाल 20 वर्षं आणि किमान 1 लाख रुपये दंड. जामिनाचं दारही तिथेच जवळजवळ बंद होतं, कारण कलम 37 प्रमाणे आरोपी दोषी नाही असं मानायला सबळ आधार आहे, अशी न्यायालयाची आधी खात्री पटावी लागते.

आता त्याच कायद्यातली गांजाची व्याख्या वाचा. गांजा म्हणजे झाडाचे फुला-फळांचे शेंडे. शेंड्यांसोबत नसलेली पानं आणि बिया त्यात धरत नाहीत. मग काट्यावर चढलेल्या मोळीत गांजा किती, आणि मूळ, खोड, माती किती? उच्च न्यायालयांसमोर हा वाद पुन्हा पुन्हा आला आहे. झाड लावणं हा वेगळा गुन्हा आहे. त्याला 10 वर्षांपर्यंत शिक्षा आहे आणि तिथे वजन लागत नाही. पण जामीन मिळणार की नाही, हे बऱ्याचदा त्या काट्यापाशीच अडतं.

नमुने दंडाधिकाऱ्यांसमोर काढायचे, हे सर्वोच्च न्यायालयानं 2016 मध्ये बजावलं. 2022 मध्ये त्याचे नियम आले. सील, तारीख, सही, यातलं एक चुकलं तरी बचावाच्या वकिलाला धागा सापडतो. कुणी याला पळवाट म्हणेल. आम्हाला तसं वाटत नाही. जिथे शिक्षा 20 वर्षांची आहे, तिथे कागद चोख असलाच पाहिजे.

आम्हाला सलतं ते वेगळंच. जमीन पुष्कळदा वनखात्याची असते. सातबाऱ्यावर कसणाऱ्याचं नाव नसतं. तलाठी आणि वनरक्षकाकडून माहिती मागवली जाते आणि शेवटी पाणी भरणारा हात सापडतो. बी कुणी दिलं? उचल कुणी दिली? माल कोण उचलणार होतं? या धंद्याला पैसा पुरवणाऱ्यासाठी कलम 27-अ आहे, 10 ते 20 वर्षांचं. पण तपास बांधावरच थांबला, तर ते कलम पुस्तकातच राहतं.

आणि चिलीम ओढणारा पोरगा? व्यसनी माणूस स्वतःहून उपचाराला तयार झाला, तर थोड्या मात्रेच्या गुन्ह्यात कलम 64-अ त्याला खटल्यापासून वाचवू शकतं. हे त्याच्या आईला पोलीस ठाण्याच्या ओट्यावरच कुणीतरी सांगायला हवं.

(दृश्य: धुळे. न्यायालयाचा व्हरांडा. दुपार.)

व्यावसायिक मात्रेच्या खटल्यात दोषारोपपत्राला 180 दिवसांची मुदत असते. तेवढ्यात कपाशीची वेचणी उरकते, रान मोकळं होतं, पुढची पेरणी तोंडावर येते. घरातली बाई पहाटेच्या गाडीनं धुळ्याला येते, पुकारा होईपर्यंत भिंतीला टेकून बसते. आतून वकील बाहेर येतात, तारीख सांगतात. ती कुणाकडून तरी पेन मागून घेते, तारीख तळहातावर लिहून घेते आणि शिरपूरच्या एसटीकडे निघते.